वाचकांचे प्रश्न: हृदयाच्या औषधांचे दुष्परिणाम कोड कसे करायचे?

दुष्परिणामांच्या कोडिंगवर, म्हणजे रुग्णाच्या नोंदीतल्या निदानांना ठरलेले कोड देण्यावर, आलेले बरेचसे प्रश्न हृदयाच्या औषधांचेच आहेत, आणि त्यात नवल नाही. एकाच रुग्णाला बीटा ब्लॉकर, स्टॅटिन, लघवी वाढवणारी गोळी आणि रक्त पातळ करणारी गोळी चालू असते. त्रास झाला की बोट कोणाकडे दाखवायचं हेच कळत नाही. उत्तरं अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या आयसीडी-१०-सीएम या संहितेप्रमाणे दिली आहेत. कोड इथे देवनागरीत छापले आहेत. प्रत्यक्ष काम करताना ते रोमन अक्षरांतच टाका.

प्रश्न: डॉक्टरांनी 'डिजॉक्सिन टॉक्सिसिटी' लिहिलं होतं. टॉक्सिसिटी म्हणजे विषबाधाच, असं समजून मी डिजॉक्सिनच्या विषबाधेचा टी४६.०एक्स१ए पहिला टाकला. ऑडिटरने (कोड तपासणाऱ्याने) चार्ट परत पाठवला. माझं काय चुकलं?

'टॉक्सिसिटी' या शब्दावर विसंबलात, तिथेच चुकलं. हा शब्द औषध शरीरात जास्त झालं एवढंच सांगतो, ते कसं झालं हे सांगत नाही. कोड मात्र 'कसं झालं' यावर ठरतो. योग्य औषध, योग्य डोस, सांगितल्याप्रमाणे घेतलं आणि तरी त्रास झाला, तर तो ॲडव्हर्स इफेक्ट. सहावं अक्षर ५. चुकीचं औषध, चुकीचा डोस, दुसऱ्याची गोळी किंवा चुकीचा मार्ग असेल तर पॉयझनिंग; सहावं अक्षर १ ते ४ (१ अपघाताने, २ स्वतःला इजा करण्यासाठी, ३ दुसऱ्याने मुद्दाम, ४ कारण ठरवता न आलेलं). सांगितल्यापेक्षा कमी घेतलं तर अंडरडोसिंग. सहावं अक्षर ६.

डिजॉक्सिनच्या बाबतीत ही गल्लत फार होते, कारण हे औषध उपयोगी पडण्याची आणि त्रास देण्याची पातळी एकमेकींना अगदी खेटून आहेत. हार्ट फेल्युअरमध्ये रक्तातली पातळी साधारण ०.५ ते ०.९ नॅनोग्रॅम प्रति मिलिलिटर राखायचा प्रयत्न असतो. औषध मुख्यतः मूत्रपिंडावाटे बाहेर पडतं. म्हणून रुग्णाने गोळी एकही जास्त घेतलेली नसताना मूत्रपिंड मंदावलं, किंवा जोडीला ॲमिओडॅरोन अथवा व्हेरापामिल सुरू झालं, तरी पातळी चढते. पोटॅशियम उतरलं तर पातळी न चढताही त्रास होतो.

एक नमुना पाहा. ७८ वर्षांची रुग्ण, रोज ०.१२५ मिलिग्रॅम डिजॉक्सिन, घरचे गोळ्यांच्या डबीतून मोजून देतात. चार दिवस जुलाब, मग मळमळ आणि उलट्या, नाडी ४२, डिजॉक्सिन पातळी २.९. डॉक्टरांची नोंद: 'जुलाबामुळे डीहायड्रेशन, त्यातून ॲक्यूट किडनी इंज्युरी. डिजॉक्सिन टॉक्सिसिटीमुळे ब्रॅडिकार्डिया आणि उलट्या. औषध सांगितल्याप्रमाणेच घेत होती.' हा ॲडव्हर्स इफेक्ट आहे. आर००.१ (ब्रॅडिकार्डिया, म्हणजे नाडी मंदावणं), आर११.२ (मळमळ आणि उलट्या), एन१७.९ (ॲक्यूट किडनी इंज्युरी, म्हणजे मूत्रपिंडाचा अचानक बिघाड), ई८६.० (डीहायड्रेशन), आणि औषधासाठी टी४६.०एक्स५ए. मुख्य निदान कोणतं हे दाखल करण्याच्या कारणावरून ठरेल. पण टी४६.०एक्स५ए पहिल्या जागेवर कधीच बसणार नाही. ॲडव्हर्स इफेक्टमध्ये आधी त्रास, मग औषध.

हीच रुग्ण चुकून सकाळ-संध्याकाळ गोळी घेत असती तर क्रम उलटला असता: टी४६.०एक्स१ए पहिला, त्यामागे आर००.१ आणि आर११.२.

तुमच्या चार्टमध्ये रुग्णाने गोळी कशी घेतली याची नोंद डॉक्टरांनी केलेली नसेल, तर ऑडिटर बरोबर आहे आणि तुमच्या कोडला आधार नाही. नर्सची ट्रायाज नोंद आणि फार्मासिस्टची औषधांची यादी वाचा, पण त्यांवरून स्वतः निर्णय घेऊ नका. तिथे दिसलेली माहिती क्वेरीत, म्हणजे डॉक्टरांना पाठवायच्या लेखी प्रश्नात, मांडून डॉक्टरांकडून खुलासा घ्या.

प्रश्न: मेटोप्रोलॉल हृदयाचं औषध असूनही टी४६ मध्ये सापडत नाही. का?

कारण संहितेतला औषधांचा तक्ता औषध कोणत्या आजारासाठी दिलं हे पाहत नाही, ते काम कसं करतं हे पाहतो. बीटा ब्लॉकर स्वायत्त मज्जासंस्थेवर काम करतात, म्हणून ते टी४४.७ मध्ये जातात. मेटोप्रोलॉलमुळे नाडी मंदावली तर आर००.१ आणि टी४४.७एक्स५ए.

टी४६ मध्ये काय आहे ते डोक्यात बसवून घ्या: .० डिजॉक्सिनसारखी औषधं, .१ कॅल्शियम चॅनेल ब्लॉकर, .२ ॲमिओडॅरोनसारखी ठोक्यांच्या अनियमिततेवरची इतर औषधं, .३ नायट्रोग्लिसरीनसारखी कोरोनरी रक्तवाहिन्या रुंदावणारी, .४ लिसिनोप्रिलसारखे एसीई इनहिबिटर, .५ रक्तदाबावरची इतर, .६ कोलेस्टेरॉलवरची, .७ हातापायांच्या रक्तवाहिन्या रुंदावणारी. लोसार्टन आणि लिसिनोप्रिल ही नावं शेजारी शेजारी आली की हात सवयीने .४ कडे जातो. लोसार्टन एसीई इनहिबिटर नाही, ते.५ मध्ये आहे.

बाहेर राहिलेल्यांपैकी लघवीची औषधं तीन ठिकाणी विखुरली आहेत. फ्युरोसेमाइड टी५०.१एक्स-, हायड्रोक्लोरोथायझाइड टी५०.२एक्स-, आणि स्पायरोनोलॅक्टोन टी५०.०एक्स-, कारण ते मिनरलोकॉर्टिकॉइडच्या (शरीरात मीठ-पाणी धरून ठेवणाऱ्या संप्रेरकाच्या) विरोधात काम करतं. फ्युरोसेमाइडने पोटॅशियम उतरलं तर ई८७.६ आणि टी५०.१एक्स५ए, स्पायरोनोलॅक्टोनने चढलं तर ई८७.५ आणि टी५०.०एक्स५ए. रक्त पातळ करणारी वॉरफेरिन आणि हेपॅरिन टी४५.५१-, क्लोपिडोग्रेल टी४५.५२-. ॲस्पिरिन हृदयासाठी दिलेलं असलं तरी वेदनाशामकांतच राहतं: टी३९.०१५ए.

एक्स कुठे घालायचा आणि कुठे नाही, यावरही गोंधळ होतो. एक्स रिकामी जागा भरतो. टी४६.४ नंतर पाचवं अक्षर नाही, म्हणून टी४६.४एक्स५ए. टी४५.५१ मध्ये पाचवी जागा आधीच भरलेली आहे, म्हणून टी४५.५१५ए. तक्त्यात कोड सापडला की टॅब्युलर यादीत (कोडांच्या क्रमवार मुख्य यादीत) जाऊन पडताळून घ्या. नुसत्या तक्त्यावरून कोड देऊ नये, असा मार्गदर्शक सूचनांचाच नियम आहे.

एका गोळीत दोन औषधं असतील आणि तक्त्यात त्या जोडीसाठी एकत्र कोड नसेल, तर त्रासाला कारणीभूत ठरलेल्या प्रत्येक घटकाचा वेगळा कोड द्या. कोणता घटक कारणीभूत, हे ठरवणं डॉक्टरांचं काम.

प्रश्न: 'रुग्ण लिसिनोप्रिलवर आहे, सहा आठवडे कोरडा खोकला' अशी नोंद आहे. हा खोकला लिसिनोप्रिलचाच असतो हे सगळ्यांना माहीत आहे. टी४६.४एक्स५ए लावू का?

नाही. माहीत असणं वेगळं आणि लिहिलेलं असणं वेगळं. 'मुळे', 'शी संबंधित', 'औषधजन्य' असा दुवा डॉक्टरांच्या नोंदीत हवा. 'लिसिनोप्रिलवर आहे' ही औषधयादी झाली, कारण नव्हे. डॉक्टरांनी गोळी बंद करून लोसार्टन सुरू केलं असेल तर त्यांचा संशय कुठे आहे हे दिसतं. तरीही कोड लावू नका. तो क्वेरीसाठी उत्तम आधार आहे.

क्वेरी उत्तर सुचवणारी नको. 'खोकला लिसिनोप्रिलमुळे आहे का? कृपया नोंद करा' अशी क्वेरी ऑडिटमध्ये टिकत नाही. अशी लिहा: 'अमुक तारखेच्या नोंदीत सहा आठवड्यांचा कोरडा खोकला आहे. त्याच दिवशी लिसिनोप्रिल बंद करून लोसार्टन सुरू केलं आहे. आपल्या वैद्यकीय मतानुसार खोकल्याचं कारण नोंदवता येईल का? पर्याय: औषधाचा परिणाम (औषधाचं नाव द्या), श्वसनमार्गाचा संसर्ग, आम्लपित्त, इतर कारण, ठरवता येत नाही.'

खोकल्याचा स्वतःचा कोडही तपासा. आर०५ आता एकटा चालत नाही. २०२१ च्या ऑक्टोबरपासून त्याचे भाग झाले. 'क्रॉनिक' लिहिलं असेल तर आर०५.३, काहीच प्रकार लिहिला नसेल तर आर०५.९. किती आठवडे झाले ते मोजून आपणच 'क्रॉनिक' ठरवायचं नाही.

याच औषधाने ओठ-जीभ सुजली आणि डॉक्टरांनी 'लिसिनोप्रिलमुळे अँजिओएडेमा' लिहिलं, तर टी७८.३एक्सएक्सए आधी आणि टी४६.४एक्स५ए नंतर. दोन्ही टी कोड असल्यामुळे क्रम चुकतो. त्यातला पहिला इथे त्रासाचा कोड आहे, औषधाचा नव्हे. पुढच्या वर्षी हाच रुग्ण गुडघा दाखवायला आला आणि चार्टवर 'लिसिनोप्रिलची ॲलर्जी' एवढंच असेल, तर टी४६.४ चा काही संबंध उरत नाही, झेड८८.८ (औषधाची ॲलर्जी असल्याची नोंद) पुरे.

प्रश्न: वॉरफेरिनच्या रुग्णाचा आयएनआर (रक्त गोठायला लागणाऱ्या वेळेचा आकडा) ६ आला. डी६८.३२ की आर७९.१?

रक्तस्राव आहे की नाही, हे आधी पाहा.

नुसता आकडा वाढलेला, रक्तस्राव नाही, आणि डॉक्टरांनी तो वॉरफेरिनमुळे असल्याचं नोंदवलं आहे: आर७९.१, टी४५.५१५ए, सोबत झेड७९.०१ (रक्त पातळ करणारं औषध दीर्घकाळ चालू). वॉरफेरिनमुळे रक्तस्राव झाला असं लिहिलं आहे: रक्तस्रावाच्या जागेचा कोड, डी६८.३२ (रक्त पातळ करणाऱ्या औषधामुळे होणारा रक्तस्रावाचा विकार), टी४५.५१५ए आणि झेड७९.०१. पोटातला रक्तस्राव, जागा सापडली नाही, तर के९२.२, जठराचा व्रण सापडून त्यातून रक्त येत असेल तर व्रणाच्या कोडमध्येच रक्तस्राव आलेला असतो, जसा के२५.४. अशा वेळी के९२.२ वेगळा देऊ नका.

दोन चुका फार दिसतात. आयएनआर २.५ असताना आर७९.१ लावला जातो. वॉरफेरिन घेणाऱ्या बऱ्याच रुग्णांत तो आकडा मुद्दाम तिथे आणलेला असतो. तिथे झेड७९.०१ एवढंच. दुसरी चूक 'कोॲग्युलोपॅथी' (रक्त गोठण्यातला बिघाड) या शब्दाची. डॉक्टर तो आयएनआर वाढल्याच्या अर्थाने सहज लिहून जातात आणि कोडर डी६८.९ वर पोचतो. तिथे क्वेरी करा. पैशाचा फरक मोठा पडतो, म्हणून या कोडवर ऑडिटरची नजरही जास्त असते.

आता यातली खरी किचकट बाजू. आयएनआर का चढला? डॉक्टरांनी ॲमिओडॅरोन सुरू केलं, त्याने वॉरफेरिनचं विघटन मंदावलं, आणि दोन्ही औषधं सांगितल्याप्रमाणे घेतली गेली. हा ॲडव्हर्स इफेक्टच. डॉक्टरांनी दोन्हींचा उल्लेख केला असेल तर टी४५.५१५ए आणि टी४६.२एक्स५ए दोन्ही द्या. पण रुग्णाने अंगदुखीसाठी स्वतःच्या मनाने दुकानातून आयबुप्रोफेन आणून घेतलं, आणि डॉक्टरांनी या दोन औषधांच्या संयोगाने रक्तस्राव झाला असं लिहिलं, तर सगळा चार्ट पॉयझनिंगमध्ये जातो. वॉरफेरिन अगदी बरोबर घेतलं असलं तरीही. नियम असा: नीट लिहून दिलेल्या आणि नीट घेतलेल्या औषधासोबत न लिहून दिलेलं औषध घेतलं आणि दोघांच्या संयोगाने त्रास झाला, तर ती विषबाधा. टी४५.५११ए आणि टी३९.३११ए आधी, रक्तस्राव मागे. दारूचंही तसंच: बीटा ब्लॉकर आणि दारू एकत्र येऊन रक्तदाब कोसळला, तर टी४४.७एक्स१ए आणि टी५१.०एक्स१ए. नायट्रोग्लिसरीनच्या रुग्णाने मित्राकडून सिल्डेनाफिल घेतलं, तिथेही हाच नियम.

प्रश्न: उभं राहिल्यावर चक्कर, 'ऑर्थोस्टॅटिक हायपोटेन्शन, औषधांमुळे' (उभं राहिल्यावर रक्तदाब उतरणं) अशी नोंद. आय९५.१ चुकीचा का ठरवला?

आय९५.१ खालीच लिहिलं आहे की औषधांमुळे झालेलं ऑर्थोस्टॅटिक हायपोटेन्शन इथे नको, आय९५.२ ला जा. त्यामागे औषधाचा टी कोड. 'औषधांमुळे' एवढंच लिहिलं असेल तर कोणत्या, ते विचारा. नाव न विचारता अनिर्दिष्ट औषधाचा टी५०.९०५ए लावून मोकळं होणं म्हणजे आळस. उलट बाजूनेही जपा: औषध माहीत आहे पण त्रास काय झाला हे लिहिलेलंच नाही, तेव्हा टी८८.७एक्सएक्सए उपलब्ध आहे, पण दाखल रुग्णाच्या चार्टमध्ये तशी वेळ सहसा येऊ नये.

प्रश्न: स्टॅटिनमुळे स्नायू दुखतात. एम७९.१, जी७२.० आणि एम६२.८२ यांत निवड कशी करायची?

डॉक्टरांच्या शब्दावरून, सीके या स्नायूंच्या इजेच्या रक्ततपासणीच्या आकड्यावरून नव्हे. 'मायाल्जिया' म्हटलं तर एम७९.१ च्या खालचा कोड; एम७९.१ आता अपुरा आहे, जागा लिहिली नसेल तर एम७९.१०. 'स्टॅटिन मायोपॅथी' म्हटलं तर जी७२.०, औषधजन्य मायोपॅथी (स्नायूंचा आजार). 'रॅब्डोमायोलिसिस' (स्नायू झपाट्याने मोडणं) तर एम६२.८२. तिन्हींना औषधाचा कोड एकच, टी४६.६एक्स५ए. सीके दहा हजार आहे आणि शिरेतून सलाइन चालू आहे, पण निदानात फक्त 'स्नायूदुखी' आहे, तर क्वेरी पाठवा. स्वतः रॅब्डो लिहू नका.

प्रश्न: हार्ट फेल्युअरचा रुग्ण परवडत नाही म्हणून फ्युरोसेमाइड दिवसाआड घेत होता आणि सूज येऊन दाखल झाला. टी५०.१एक्स६ए पहिला येईल का?

अंडरडोसिंगचा कोड मुख्य निदान होत नाही, कधीच नाही. आधी वाढलेला आजार. 'ॲक्यूट ऑन क्रॉनिक सिस्टॉलिक हार्ट फेल्युअर' असेल तर आय५०.२३. त्याच रुग्णाला उच्च रक्तदाबही असेल, आणि दोन्हींचा संबंध नाही असं डॉक्टरांनी लिहिलेलं नसेल, तर संहिता संबंध गृहीत धरते आणि आय११.० (उच्च रक्तदाबाचा हृदयविकार, हार्ट फेल्युअरसह) सर्वांत आधी येतो, मग आय५०.२३. त्यानंतर टी५०.१एक्स६ए आणि कारणासाठी झेड९१.१२०, म्हणजे पैशाअभावी जाणूनबुजून कमी घेतलेलं औषध. दुसऱ्या कारणाने जाणूनबुजून, जसं सारखं लघवीला जावं लागतं म्हणून, तर झेड९१.१२८. म्हातारपणामुळे विसरला तर झेड९१.१३०.

डॉक्टरांना न विचारता गोळी पूर्ण बंद केली तरी ते अंडरडोसिंगच. डॉक्टरांनीच बंद केली असेल तर नाही. हे वाचताना 'होल्ड' या शब्दाकडे लक्ष ठेवा. रक्तदाब उतरला म्हणून रुग्णालयात मेटोप्रोलॉल होल्ड केलं, हा उपचाराचा भाग आहे.

प्रश्न: ॲमिओडॅरोनने थायरॉइड आणि फुप्फुस दोन्ही बिघडली. टी४६.२एक्स५ दोनदा लावायचा का? आणि तपासणीला परत आला की ए चा डी करायचा का?

एकदाच. एका भेटीत तोच कोड पुन्हा येत नाही. ई०३.२ (औषधजन्य हायपोथायरॉइडिझम) आणि फुप्फुसाच्या औषधजन्य आजारासाठी जे७०.२ तीव्र, जे७०.३ दीर्घकालीन, जे७०.४ प्रकार न लिहिलेला. दोघांच्या मागे एकच टी४६.२एक्स५.

सातवं अक्षर कितवी भेट आहे यावर ठरत नाही. त्या दुष्परिणामावर सक्रिय उपचार चालू आहेत तोवर ए, मग ती पाचवी भेट असो की डॉक्टर बदललेले असोत. ॲमिओडॅरोनचा अंश शरीरात महिनोन्‌महिने राहतो, त्यामुळे औषध बंद करूनही स्टेरॉइडचे उपचार लांबतात आणि ए बराच काळ टिकतो. उपचार संपले, आता फक्त बरं होण्याची देखरेख, तर डी. दुष्परिणाम ओसरला पण फुप्फुसावर कायमचे व्रण राहिले आणि रुग्ण त्यासाठी आला, तर आधी त्या व्रणांचा कोड, मग टी४६.२एक्स५एस.

प्रश्न: माझ्या पुस्तकात एसीई इनहिबिटरच्या दुष्परिणामाला वाय५२.४ दिलं आहे. पुस्तक जुनं आहे का?

जुनं नाही, वेगळं आहे. ते जागतिक आरोग्य संघटनेचं मूळ आयसीडी-१० आहे. त्यात उपचारात नीट दिलेल्या औषधाचे दुष्परिणाम वाय४० ते वाय५९ मध्ये असतात आणि हृदय-रक्तवाहिन्यांची औषधं वाय५२ मध्ये. अमेरिकेने आपल्या आवृत्तीत ते गट घेतले नाहीत. औषध आणि ते कसं घेतलं हे एकाच टी कोडमध्ये बसवलं. त्यामुळे अमेरिकेच्या टी३६ ते टी५० सोबत बाह्य कारणाचा वेगळा कोड लागत नाही. अमेरिकेच्या चार्टवर काम करत असाल तर ते पुस्तक बाजूला ठेवा आणि चालू वर्षाची आवृत्ती घ्या. ती दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलते. रुग्ण कोणत्या तारखेला घरी गेला किंवा तपासून गेला, त्या दिवशी जी आवृत्ती लागू होती तीच धरायची.